शब्दशंका : ‘हॅल्सिअन’ म्हणजे नेमके काय?

प्रश्न : एका इंग्रजी दैनिकातील मृत्युलेखात दिवंगत गृहस्थांच्या महाविद्यालयीन वर्षांना ‘हॅल्सिअन डेज’ म्हटलेले वाचले. शब्दकोशात ‘शांत, सुखाचा’ एवढाच अर्थ मिळाला. पुढे पक्ष्यांवरील एका पुस्तकात आपल्या नेहमीच्या खंड्याचे शास्त्रीय नावही ‘हॅल्सिऑन’ असेच असल्याचे दिसले. या दोहोंचा काही संबंध आहे का? आणि हे विशेषण कोठे शोभते, कोठे शोभत नाही? – एक वाचक, सातारा

उत्तर : संबंध आहे, आणि तो थेट आहे. ‘हॅल्सिअन’ हे आधी पक्ष्याचे नाव, मग ऋतूतील विशिष्ट दिवसांचे नाव आणि त्यानंतर विशेषण. हा क्रम ध्यानात घेतला की शब्दकोशातील ‘शांत, सुखाचा’ हा अर्थ का अपुरा पडतो हेही उमगते.

मूळ ग्रीक शब्द ‘अल्किऑन’. त्यात आरंभी ‘ह’ नव्हता. हा शब्द ग्रीकांच्या आधी त्या प्रदेशात बोलल्या जाणाऱ्या एखाद्या भाषेतून आला असावा, असे भाषेचे अभ्यासक मानतात. मात्र हा पक्षी समुद्रावर अंडी घालतो अशी समजूत असल्यामुळे लोकांनी नावाची आपल्या परीने फोड केली : ‘हाल्स’ म्हणजे समुद्र आणि ‘किऑन’ म्हणजे गर्भ धारण करणारा. या लोकव्युत्पत्तीमुळे नावाच्या आरंभी ‘ह’ चिकटला आणि तो लॅटिनमधून इंग्रजीत येऊन आजतागायत टिकला आहे. व्युत्पत्ती चुकीची, पण वर्णलेखन तिने कायमचे ठरवून टाकले. इंग्रजीत हा शब्द चौदाव्या शतकाच्या अखेरीस पक्ष्याच्या नावाने आला आणि ‘हॅल्सिअन डेज’ हा प्रयोग सोळाव्या शतकात रूढ झाला.

हे दिवस कोणते, हे ॲरिस्टॉटलने आपल्या प्राणिविषयक ग्रंथात नोंदवून ठेवले आहे. सूर्य दक्षिणेकडे अगदी टोकाला पोहोचतो त्या दिवसाच्या आधीचे सात आणि नंतरचे सात, असे हे चौदा दिवस. पहिल्या सातांत पक्षी घरटे बांधतो, पुढच्या सातांत अंडी घालून पिले वाढवतो, आणि एवढा काळ समुद्रावर वारा पडलेला असतो, असे तो सांगतो. त्याने पुढे जोडलेली पुस्ती मला अधिक मोलाची वाटते : आपल्या भागात ही शांतता दरवर्षी येतेच असे नाही, पण सिसिलीच्या समुद्रावर ती बहुधा चुकत नाही. ऐकीव गोष्ट सांगतानाही ती कोठे लागू पडते आणि कोठे नाही, हे तो नोंदवतो.

चौदा दिवसांचे एवढे अप्रूप का, हे कळण्यासाठी भूमध्य समुद्रावरचा हिवाळा डोळ्यांसमोर आणावा लागतो. त्या समुद्रात वादळे येतात ती मुख्यतः हिवाळ्यात. रोमन काळात ११ नोव्हेंबरपासून १० मार्चपर्यंत समुद्र ‘बंद’ मानला जाई आणि शक्यतो कोणी जहाज बाहेर काढत नसे. आपल्या कोकणात आषाढात होड्या किनाऱ्यावर ओढून ठेवतात आणि नारळी पौर्णिमेला समुद्राला नारळ अर्पण करून पुन्हा दर्यावर जातात, तशीच ही हवामानाने आखलेली मर्यादा. फरक असा की, नारळी पौर्णिमेनंतर समुद्र उत्तरोत्तर निवळत जातो, तर ‘हॅल्सिअन’ दिवसांच्या अलीकडेही वादळ असते आणि पलीकडेही. ग्रीसमध्ये आजही या दिवसांना ‘अल्किओनिदेस मेरेस’ म्हणतात. डिसेंबरच्या मध्यापासून फेब्रुवारीच्या मध्यापर्यंत, विशेषतः जानेवारीत, तेथे काही दिवस वारा पडतो आणि लख्ख ऊन पडते. त्या वेळी त्या भागावर हवेचा जास्त दाब स्थिरावलेला असतो, असे त्याचे कारण हवामानशास्त्र देते.

या दिवसांमागची कथा रोमन कवी ओव्हिड याने विस्ताराने सांगितली आहे. वाऱ्यांचा स्वामी इओलस याची कन्या अल्सिओनी आणि तिचा पती, ट्रेकिसचा राजा सीइक्स. देवाचा कौल घेण्यासाठी तो समुद्रमार्गे निघतो. वारे काय करू शकतात हे बापाच्या घरी पाहिलेले असल्यामुळे ती त्याला परोपरीने अडवते, पण तो जातो आणि वादळात बुडतो. इकडे ती त्याच्या सुखरूप परतण्यासाठी जूनो देवीला साकडे घालीत राहते. मेलेल्या माणसासाठी चाललेली ही प्रार्थना देवीला ऐकवेना, म्हणून तिच्या आज्ञेवरून निद्रादेवाचा पुत्र मॉर्फिअस सीइक्सचे रूप घेऊन अल्सिओनीच्या स्वप्नात येतो आणि खरे काय ते सांगतो. (मॉर्फिन या औषधाला याच मॉर्फिअसचे नाव मिळाले आहे.) सकाळी ती किनाऱ्यावर जाते, तेव्हा लाटांवर एक प्रेत वाहत येताना दिसते. जवळ आल्यावर ते पतीचेच असल्याचे तिला कळते. ती पाण्याकडे झेप घेते आणि त्या झेपेतच तिचा पक्षी होतो. पुढे देवांना दया येऊन सीइक्सलाही पक्ष्याचे रूप मिळते. हिवाळ्यात ती समुद्रावर तरंगणाऱ्या घरट्यात अंडी उबवते तेव्हा इओलस आपल्या नातवंडांसाठी सात दिवस वारे कोंडून ठेवतो, असे ओव्हिड म्हणतो. त्याच्याकडे दिवस सातच आहेत, चौदा नव्हेत.

कथा मी मुद्दाम सविस्तर सांगितली, कारण विशेषणाची सगळी छटा तिच्यात आहे. ही शांतता वादळाने सर्वस्व नेल्यानंतर मिळालेली आहे, ती मोजक्या दिवसांची आहे आणि वारे पुन्हा सुटणार हे ठरलेले आहे. शेक्सपिअरच्या सहाव्या हेन्री राजावरील नाटकाच्या पहिल्या भागात ऑर्लेआँच्या वेढ्याच्या प्रसंगी जोन ऑफ आर्क ‘सेंट मार्टिन्स समर, हॅल्सिअन डेज’ येतील असे आश्वासन देते. सेंट मार्टिनचा दिवस ११ नोव्हेंबरला येतो, म्हणजे थंडी सुरू झाल्यानंतर मध्येच पडणाऱ्या उबदार उन्हाची ती उपमा आहे. सलग उन्हाळ्याचे आश्वासन ती देत नाही.

आता खंड्याविषयी. पांढरा गळा, तपकिरी डोके, निळी पाठ आणि लालभडक चोच असलेला जो खंड्या आपण विजेच्या तारेवर बसलेला पाहतो, त्याचे शास्त्रीय नाव ‘हॅल्सिऑन स्मिर्नेन्सिस’. लिनिअसने १७५८ मध्ये स्मर्ना, म्हणजे तुर्कस्तानातील आजचे इझमीर, या गावावरून त्याचे नामकरण केले आणि ‘हॅल्सिऑन’ हे प्रजातिनाम स्वेन्सनने १८२१ मध्ये रूढ केले. ग्रीकांचा ‘अल्किऑन’ मात्र बहुधा याहून लहान असलेला, युरोपातही आढळणारा आणि आपल्याकडेही नदीकाठी दिसणारा निळा धीवर असावा. आपला खंड्या पाण्यापासून पुष्कळ दूरही राहतो, नाकतोडे आणि सरडे खातो, आणि त्याचा कर्कश आवाज ऐकून शांततेची आठवण कोणालाही होणार नाही.

समुद्रावर तरंगणारे घरटे तर यांपैकी कोणाचेच नसते. खंड्या आणि धीवर मातीच्या दरडीत चोचीने बीळ खणतात आणि त्याच्या टोकाला असलेल्या रुंद पोकळीत अंडी घालतात. आपल्याकडे खंड्याचा हा काळ साधारण मार्च ते जुलै असा असतो, म्हणजे ग्रीक कथेतील हिवाळ्याशी त्याचा मेळ बसत नाही. तरीही जुन्या वर्णनातील एक तपशील विचार करायला लावतो. हे घरटे माशांच्या काट्यांचे असावे, असे ॲरिस्टॉटल म्हणतो. धीवराच्या बिळात खरोखरच त्याने ओकून टाकलेल्या माशांच्या काट्यांचा थर साचलेला असतो. कोणीतरी कधीतरी ते बीळ उकरून पाहिले असावे, आणि पुढे सांगोवांगीत बीळ गळून काटे तेवढे उरले असावेत, असा माझा तर्क आहे.

पक्षिशास्त्रज्ञांनी सीइक्सलाही विसरलेले नाही. पावसाळ्यात कोकणात वीण करणारा, कर्नाळ्याच्या जंगलात छायाचित्रकारांना खेचून आणणारा चिमुकला तिबोटी खंड्या हा शास्त्रीय भाषेत ‘सीइक्स एरिथाका’ आहे. कथेतील पतिपत्नी अशा रीतीने आपल्या रायगड जिल्ह्यात एकत्र नांदतात. मात्र कृत्तिका नक्षत्रातील सर्वांत तेजस्वी ताऱ्याचे नाव ‘अल्सिओनी’ आहे म्हणून त्याचाही संबंध या कथेशी जोडू नये. ती अल्सिओनी ॲटलसची कन्या आहे, इओलसची नव्हे.

वापराविषयी थोडक्यात सांगायचे तर हे विशेषण नामाच्या आधी येते आणि ते नाम बहुतेक वेळा काळ दाखवणारे असते : दिवस, वर्षे, उन्हाळा, पर्व. समुद्र किंवा हवा यांनाही ते लागते, पण तो वापर आता काव्यात्म वाटतो. माणसाला ते लावू नये. शांत स्वभावाच्या गृहस्थांना ‘हॅल्सिअन’ म्हणणे इंग्रजी वाचकाला खटकेल. आजच्या इंग्रजीत ते बहुधा सरलेल्या काळाविषयीच येते, म्हणूनच आपण वाचलेल्या मृत्युलेखात ते चपखल बसले. भरभराटीचा काळ या अर्थानेही अलीकडे ते सर्रास वापरतात आणि शब्दकोशांनी तो वापर मान्य केला आहे. मी स्वतः तो टाळतो. एखाद्या गिरणीचा नफा वाढत होता एवढ्यावरून तिचे दिवस ‘हॅल्सिअन’ ठरत नाहीत. त्यांत निवांतपणा हवा, आणि त्यानंतर काहीतरी बिघडले याची जाणीव हवी. दोन महायुद्धांच्या मधल्या काळातील एखाद्या कुटुंबाच्या निर्धास्त सुट्ट्यांविषयी लिहिताना मात्र याहून नेमका शब्द सापडणे कठीण.

प्रश्न : मी इंग्रजीतून मराठीत अनुवाद करते. ‘हॅल्सिअन डेज’साठी ‘सोन्याचे दिवस’ योजावे की ‘वादळापूर्वीची शांतता’? उच्चार आणि वर्णलेखन यांविषयीही सांगावे. – एक वाचक, फोंडा

उत्तर : दोन्ही शब्दप्रयोग मराठीत रुळलेले आहेत, पण दोहोंनी अर्थ थोडा हुकतो. ‘सोन्याचे दिवस’ म्हटले की वैभव डोळ्यांसमोर येते, तर ‘वादळापूर्वीची शांतता’ ही धास्तावणारी असते. तिच्यात सुख नसते. ‘हॅल्सिअन’ दिवसांत माणूस मनापासून सुखी असतो आणि वादळाची जाणीव बहुधा मागाहून, आठवताना होते.

मराठीत या अर्थाच्या सर्वांत जवळचा शब्द मला ‘उघडीप’ हा वाटतो. झड लागलेली असताना मध्येच पाऊस थांबतो, ऊन पडते, अंगणात वाळवणे येतात, आणि पाऊस पुन्हा येणार हे सगळ्यांना ठाऊक असते. ऋतू वेगळा असला तरी रचना तीच आहे. म्हणून जेथे संदर्भ दोन संकटांमधल्या निवांत काळाचा असेल तेथे ‘उघडिपीचे दिवस’ खुशाल वापरावे. जेथे लेखक केवळ हळहळीने बालपण किंवा तारुण्य आठवत असेल तेथे ‘ते निर्धास्त दिवस’ एवढे पुरते. प्रत्येक ठिकाणी उपमा ओढून आणण्याची गरज नाही. आणि मूळ मजकुरात पक्षी किंवा समुद्र यांचा उल्लेख जवळपास असेल तर लेखकाने कथा मनात ठेवून शब्द योजला आहे असे समजावे. अशा ठिकाणी ‘हॅल्सिअन’ तसाच ठेवून एका वाक्यात खुलासा करणे हाच प्रामाणिक मार्ग आहे.

उच्चार ‘हॅल्सिअन’, आघात पहिल्या अवयवावर, ‘ह’ स्पष्ट आणि मधला ‘स’ मृदू. इंग्रजीत मधले अक्षर ‘वाय’ आहे. त्या जागी ‘आय’ लिहिल्यास ते ट्रायाझोलाम या झोपेच्या औषधाचे व्यापारी नाव होते, आणि संगणकातील वर्णतपासणी ही चूक दाखवीलच असे नाही, तेव्हा मुद्रिते तपासताना हे अक्षर डोळ्यांनी पाहून घ्यावे.