तलावपाळीतली 'पाळी' कोणती?

ठाण्यात नव्याने राहायला आलेल्या एका ताईंचा प्रश्न आहे: मासुंदा तलावाभोवतीच्या जागेला तलावपाळी म्हणायचं की तलावपाली? दोन्ही रूपं वाचायला मिळतात. आणि 'पाळी' असेल, तर तिचा इथे अर्थ काय?

तलावपाळीच, ळ-नेच. रोमन लिपीत ल आणि ळ यांना एकच अक्षर. तिथून नाव परत देवनागरीत उतरवताना ळ गळतो आणि 'पाली' उरते. मग कुणाला ती 'पल्ली', म्हणजे वस्ती, वाटते. इथे वस्तीचा काही संबंध नाही.

मूळ शब्द संस्कृत 'पालि'. त्याचे अर्थ कड, काठ, बांध आणि ओळ. कड या अर्थाने तो आपल्या कानाशीच आहे: कानाची पाळी. बांध या अर्थाने मराठीत 'पाळ' आहे, गुजरातीत तळावाची 'पाळ' आहे आणि उदयपूरला फतेहसागरच्या बांधाला आजही 'पाल' म्हणतात. ओळ या अर्थातून पुढे क्रम आला, क्रमातून 'आता तुझी पाळी'. शेतात कुळवाची पाळी घालतात, तीही याच घरातली. महिन्याची पाळीसुद्धा. या शेवटच्या अर्थामुळे काही जण 'तलावपाळी' म्हणताना अडखळतात आणि 'पाली'कडे वळतात, असं मी पाहिलं आहे. त्यांना मनापासून सांगावंसं वाटतं, अडखळू नका. शब्द स्वच्छ आहे आणि फार जुना आहे.

मला यात सगळ्यात आवडतं ते हे, की नदीला काठ आपोआप असतो, पाळ मात्र घालावी लागते. माणसांनी पाणी अडवलं, राखलं, ही गोष्ट या नावातच आहे. ठाणे म्हणजे शिलाहार राजांचं श्रीस्थानक, आणि तलावांची नगरी ही त्याची ओळख. मासुंद्याच्या पाळीवरच कौपिनेश्वराचं देऊळ आहे. सरसुभेदार रामाजी महादेव बिवलकरांनी ते 1760 मध्ये बांधलं आणि 1879 मध्ये त्याची दुरुस्ती झाली. पलीकडे 1978 पासून गडकरी रंगायतन उभं आहे. नाटक सुटलं की माणसं पाळीवर येतात, दिवाळीच्या पहाटे तर तिथे पाय ठेवायला जागा नसते.

आमची आजी 'तलावपाळीवर जाऊन येते' म्हणायची. ही 'वर' नीट ऐका. बांध उंच असतो, त्याच्यावर चढायचं, बसायचं, फिरायचं. आता तिथे फरसबंदी आहे, कठडा आहे, बाकं आहेत, तरी हे शब्दयोगी अव्यय अजून बांधाचीच आठवण ठेवून आहे. 'तलावपाळीला भेटू' हेही ठाण्यात सर्रास चालतं, तेही चुकीचं नाही.

अजून एक. पाचपाखाडीतल्या कचराळी तलावालाही छान फिरायची वाट आहे, पण तिला कुणी तलावपाळी म्हणत नाही. सामान्यनाम होतं, ते मासुंद्याचं विशेषनाम झालं. त्यामुळे लिहिताना एकच शब्द, जोडून: तलावपाळी. रिक्षात बसतानाही ळ-नेच सांगा. पुढे तलावाचं नाव जोडायची गरज पडत नाही.