चुनखडीच्या मुलखातली खेडी खरंच फोटोत दिसतात तशी असतात का?

तुम्ही विचारलंय की चुनखडीच्या प्रदेशांचे फोटो बघितले की गुहा, झरे, हिरवे डोंगर दिसतात, तर तिथलं खेड्यातलं जगणं आपल्या खेड्यांपेक्षा वेगळं असतं का, आणि मुंबईहून जाऊन बघण्यासारखं काही आहे का.

आमचं कुर्ल्याला लादी-फरशीचं दुकान आहे, वडिलांच्या वेळेपासूनचं. माल बघायला शहाबाद, तांडूर, रामगंज मंडी, बेतमचेर्ला या फरशीच्या खाणींच्या बाजूला जाणं होतं. तेव्हा हे उत्तर दगड विकत घेणाऱ्या माणसाचं आहे, एवढं धरून वाचा.

चुनखडक बघायला खरं तर घराबाहेर पडायलाही नको. मुंबई उभी आहे काळ्या बेसॉल्टवर, म्हणजे थिजलेल्या लाव्हाच्या दगडावर, पण चालते चुनखडकावर. चाळीच्या गॅलरीतली शहाबादी फरशी कर्नाटकातल्या कलबुर्गी जिल्ह्यातली. सोसायटीच्या जिन्याचा हिरवट कोटा राजस्थानातल्या रामगंज मंडीच्या बाजूचा. जुन्या स्वयंपाकघरातल्या ओट्याचा काळा कडप्पा आंध्रातला. तिन्ही चुनखडकच. कडप्प्याच्या ओट्यावर लिंबाची फोड रात्रभर राहिली, की सकाळी तिथली चकाकी गेलेली असते आणि पांढुरका डाग उरतो. आई ओरडते, पण पुसून काही होत नाही, कारण तेवढा दगडच आंबटाने खाल्लेला असतो. गुहा तयार होण्यामागे रसायन हेच, फक्त आंबट फार पातळ आणि वेळ हजारो-लाखो वर्षांचा. पावसाचं पाणी हवेतला आणि मातीतला कार्बन डायऑक्साइड घेऊन किंचित आम्लधर्मी होतं, भेगेत उतरतं आणि भेगेच्या भिंती विरघळवत तिची वाट रुंद करत जातं.

या वाटा एकदा रुंद झाल्या की खेड्याचं गणित बदलतं. पाऊस पडतो, पण वर थांबत नाही. ओढा वाहता वाहता एखाद्या खळग्यात गडप होतो आणि भलतीकडेच झरा होऊन निघतो. त्या झऱ्याचं पाणी नितळ दिसतं म्हणून लोक फसतात. वाळू-मातीतून झिरपताना पाणी गाळलं जातं, इथे ते नळातून यावं तसं धावत येतं. वरच्या वस्तीने खळग्यात टाकलेली घाण खालच्या वस्तीला प्यावी लागू शकते. चेरापुंजीला वर्षाला ११,००० मिलिमीटरच्या आसपास पाऊस, आणि हिवाळ्यात बायका पाण्यासाठी वणवण करतात. त्यात उताराचा आणि पातळ मातीचा वाटा आहेच, पण खालचा चुनखडकही पाणी धरून ठेवत नाही. आमचं गाव राजापूर तालुक्यात, जांभ्याच्या सड्याजवळ, म्हणजे उघड्या कातळाच्या पठाराजवळ. एप्रिलमध्ये विहिरीचा तळ बघायची सवय असल्यामुळे मला हे ऐकून फारसं नवल वाटलं नाही.

युरोपातल्या दोन जागा मला या बाबतीत फार आवडतात, वाचूनच माहीत असल्या तरी. स्लोव्हेनियात त्सेर्क्नित्सा नावाचं तळं आहे. पावसाळी महिन्यांत त्यात मासे धरतात आणि कोरड्या दिवसांत पाणी जमिनीखाली निघून गेलं की त्याच तळावर गवत कापतात. आणि आयर्लंडच्या बरेन भागात गुरं उन्हाळ्यात खाली आणि हिवाळ्यात डोंगरावर, म्हणजे सगळ्या जगाच्या उलट. तिथला उघडा चुनखडक उन्हाळ्यातली ऊब धरून ठेवतो, पायाखाली चिखल होत नाही, आणि उन्हाळ्यात गुरांना प्यायला वर पाणी मिळत नाही. आपल्याकडे असल्या गोष्टींचे कॅलेंडर छापून विकले असते.

आता शहाबादकडे. तिथे डोंगर नाहीत, हे आधीच सांगतो. सपाट काळं रान, तूर आणि ज्वारी. खालचा चुनखडक पन्नास कोटी वर्षांहून जुना, त्यावर सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा आपला दख्खनचा लाव्हा पसरलेला. लाव्हा झिजून संपला तिथे फरशी वर आली. हा दगड थरांत बसलेला आहे, त्यामुळे पहार आणि छिन्नी घालून थर सुटा करता येतो. शेतकऱ्याच्या शेतातच चार-पाच फुटांवर फरशी लागली तर तो दगड न वापरता कुठे जाणार? घराच्या भिंती चपट्या दगडांच्या, माळवदावर फरशी, गोठ्यात फरशी, कपडे धुवायला फरशी, चावडीसमोर बसायला फरशी. शेताचं कुंपणही उभ्या फरश्या खांद्याला खांदा लावून पुरलेल्या असतात. बाभळीच्या काट्यांची सवय असलेल्या माणसाला ते कुंपण बघून दगडाची उधळपट्टी वाटते, पण तिथे लाकूड महाग आणि दगड फुकट. जवळच कागिणा नदीकाठी मळखेड आहे, राष्ट्रकूटांची राजधानी मान्यखेट ती हीच. तिथला पडका किल्लाही याच दगडाचा. राजा असो की कुळवाडी, बांधायला सामान एकच.

दगड असा हाताशी, आणि पाणी हाताबाहेर. बोअरला पाणी लागलं तरी ते जड. साबणाला फेस येत नाही, भांड्याच्या तळाला पांढरा थर बसतो आणि डाळ शिजता शिजत नाही. गंमत म्हणजे याच भागातली तूरडाळ नावाजलेली, २०१९ साली तिला भौगोलिक मानांकनही मिळालं. एका खाणमालकाच्या घरी जेवायला बसलो असताना वहिनींनी सांगितलं, “दादा, डाळीला आम्ही नदीचंच पाणी घेतो. बोअरच्या पाण्यात शिजवली तर दाणा दाण्याला ओळख देत नाही.” त्यांचं माहेर अक्कलकोटचं, त्यामुळे मराठी अस्सल. पिण्याचं गोडं पाणी आणि वापरायचं पाणी असे दोन वेगळे हंडे बहुतेक घरांत दिसले.

शेतीची कामं आटोपली की माणसं खाणीवर आणि पावसाळ्यात खाणीत पाणी भरलं की शेतावर, असा वर्षाचा फेरा आहे. निदान होता. व्हिट्रिफाइड टाइल आली आणि शहाबादीची मागणी घराबाहेर ढकलली गेली: कंपाउंड, गटाराची झाकणं, फुटपाथ. कडप्पा ओट्यावरून उतरून ओट्याखालच्या मांडणीत गेला, वर ग्रॅनाइट बसलं. आमच्या दुकानात ही फक्त मालाची अदलाबदल. तिकडे एकेका गावातला कामाचा हंगाम आटला. बंद पडलेल्या खाणींत पावसाचं पाणी साठतं, त्यावर कुणी पंप बसवून शेत भिजवतं. बाजूला तुटक्या फरश्यांचे ढीग तसेच पडून, त्यावर शेळ्या. कोट्याकडे हे ढीग टेकड्यांएवढे झालेत. रामगंज मंडी धन्यांचा मोठा बाजार आहे, त्यामुळे एकाच नाक्यावर धन्याचा वास आणि दगडाची पांढरी भुकटी, दोन्ही नाकात जातात.

महाराष्ट्रातच बघायचं असेल तर यवतमाळ-चंद्रपूर. वणी, मुकुटबन, झरी-जामणी, राजुरा, कोरपना, जिवती या पट्ट्यात चुनखडक आहे. वर कपाशी, खाली सिमेंटचा कच्चा माल. इथला दगड फरशी म्हणून हातांनी सोडवत नाहीत, सुरुंग लावून फोडतात आणि थेट कारखान्यात नेतात. हा फरक मला मोठा वाटतो. फरशीच्या गावात दगड निदान गावाच्या घरांत दिसतो. इथे कोलाम आदिवासींच्या पोडावर, म्हणजे वस्तीवर, कुडाच्या भिंती आणि समोरून चुनखडकाचे डंपर. शिवाय या दोन्ही जिल्ह्यांत अनेक गावांच्या भूजलात फ्लोराइड जास्त आहे. लिटरला १.५ मिलिग्रॅमच्या वर गेलं की ते पाणी पिण्यालायक धरत नाहीत. मुलांच्या दातांवर पिवळे-तपकिरी डाग येतात, आणि वर्षानुवर्षं तेच पाणी प्यायलेल्यांचे सांधे आखडतात. तुमच्या फोटोंत हे येणार नाही.

राहिला तुमचा जाण्याचा प्रश्न. मुंबई-चेन्नईचा जुना रेल्वेमार्ग धरा. सोलापूरनंतर कलबुर्गी, मग शहाबाद आणि वाडी, रायचूर-गुंतकल करून ताडिपत्री, आणि पुढे कडप्पा. म्हणजे एकाच मार्गावर फरशीचा मुलूखही आहे आणि गुहाही. ताडिपत्रीहून साधारण ३० किलोमीटरवर बेलमच्या गुहा आहेत, ३,२२९ मीटर लांबीच्या. १८८४ मध्ये रॉबर्ट ब्रूस फूट या भूवैज्ञानिकाने त्यांची नोंद केली. जमिनीवरून काहीच कळत नाही. सपाट रान, आणि मधेच विहिरीसारखा खड्डा, त्यातून खाली उतरायचं.

गुहेत गारवा असेल असं समजून जाऊ नका, आत घामाच्या धारा लागतात. सुती कपडे घाला, पाणी घ्या आणि दमा असेल तर नीट विचार करा. शहाबादसाठी डिसेंबर-जानेवारी बरा, तुरीचा हंगाम असतो आणि खाणी कोरड्या असतात. मुक्काम कलबुर्गीला करा. खाण बघायची असेल तर आधी मालकाला विचारा. कडेला उभं राहून सेल्फी काढणाऱ्यांवर ते फार चिडतात, आणि बरोबरच चिडतात.