रूट न करता गेमचे कॉइन वाढवायचे म्हणजे नेमकं काय होतं

भावा तू विचारलंस की फोन रूट न करता (म्हणजे सिस्टिमचा पूर्ण ताबा न घेता) व्हर्च्युअल स्पेसमध्ये, म्हणजे आपल्या आत दुसरी ॲप चालवणाऱ्या ॲपमध्ये, गेम टाकून कॉइन वाढवता येतात का, आणि मित्राला जमलं ते तुझ्याकडे उघडताच बंद का पडतं. येतात, पण सगळ्या गेमला नाही.

अँड्रॉइड प्रत्येक ॲपला वेगळा युजर आयडी देतं, म्हणून एका ॲपला दुसऱ्याच्या मेमरीत डोकावता येत नाही, रूट लागतं ते ह्याचसाठी. व्हर्च्युअल स्पेस काय करतं तर गेम आणि गेमगार्डियन (मेमरीतले आकडे शोधून बदलणारं ॲप) दोघांना स्वतःच्याच आयडीखाली चालवतं. पंचवटीतला जुना वाडा बघ ना, बाहेरून दार एक आणि आत सगळे एकमेकांच्या स्वयंपाकघरात. व्हीएमओएस नावाचं ॲप वेगळं, ते आत अख्खं दुसरं अँड्रॉइड चालवतं आणि रूटपण त्याच्या आतच देतं, पण रॅम कमी असेल तर नादी लागू नको, फोनचा तवा होतो.

मी एका ऑफलाइन रेसिंग गेमवर केलेलं, सिडकोत लाइट गेलेली, दुसरं काम नव्हतं. कॉइन 1250, गेमगार्डियनमध्ये तो आकडा सर्च मारला तर हजारो रिझल्ट, मग गेममध्ये 70 चा टायर घेतला, 1180 राहिले, परत सर्च, उरले तीन. मी शहाण्याने तिन्ही एकदम बदलले आणि गेम आडवा, तू एकेक करून बघ. काही गेम आकडा सरळ ठेवतच नाहीत, एक्सॉर वगैरे करून, म्हणजे दुसऱ्या आकड्याने बदलून लपवून ठेवतात, तिथं 1250 शोधून डोंबल सापडणार नाही.

तुझं बहुतेक 32-64 बिटचं (म्हणजे ॲप प्रोसेसरच्या कुठल्या प्रकारासाठी बनलंय त्याचं) लफडं आहे. स्पेस 32 बिटचं आणि गेम फक्त 64 बिटचा असला की असंच होतं, बऱ्याच स्पेसना त्यासाठी वेगळं सपोर्ट ॲप टाकावं लागतं, ते टाकलंयस का बघ.

ऑनलाइन गेमचं सोडूनच दे. आकडा त्यांच्या सर्व्हरवर असतो, तुझ्या स्क्रीनवर लाख दिसतील पण गाडी घ्यायला गेलास की परत 1250, वर आयडी बॅन, आणि समोरच्या पोरांचा खेळ नासवतोस ते वेगळंच.

आणि हो, वाड्याची किल्ली मालकाकडे असते हे विसरू नको. स्पेसमध्ये तू गूगल लॉगिन केलंस तर ते स्पेसला वाचता येतं, त्याने एसएमएसची परमिशन मागितली आणि दिलीस तर ओटीपीपण. यूपीआय असलेल्या फोनवर हे करूच नको. मी पप्पांचा जुना फोन सिम काढून ह्यासाठीच ठेवलाय, चार्जिंगची पिन वाकडी धरावी लागते पण चालतो.

फोनचं मॉडेल, अँड्रॉइड व्हर्जन आणि कुठलं स्पेस वापरतोयस ते सांग, मग बघू.