लॉस एंजेलिसमध्ये कचऱ्याचा डबा फुटला तर नवीन कुठून मिळेल?

३११ वर फोन करा किंवा शहराच्या ३११ ॲपवर विनंती नोंदवा. डबा फुटला असो वा चोरीला गेलेला, शहराचा स्वच्छता विभाग दुसरा फुकट देतो. दुकानातून विकत आणू नका. कचरागाडीचा यांत्रिक हात शहराच्या ठराविक डब्यांसाठीच असतो, त्यामुळे दुसरा डबा तसाच भरलेला राहील. काळा (साधा कचरा), निळा (पुनर्वापराचा) की हिरवा (ओला कचरा, पालापाचोळा), हे नोंदवताना नक्की सांगा. जुना डबा न्यायचा असेल तर रिकामा करून ठेवा.

मात्र ही सोय स्वतंत्र घरांना आणि चार घरांपर्यंतच्या इमारतींना आहे. मोठ्या इमारतीत राहत असाल तर घरमालकाला गाठा, तिथला कचरा २०१७ पासून शहराने नेमलेल्या खासगी कंपन्या उचलतात. ग्लेनडेल, बरबँक, पॅसाडेना ही वेगळी शहरं, त्यांच्याकडेच विचारा.