पहिल्याला जोडीदार कुठला?

प्रश्न : उत्क्रांतीतून नवी प्रजाती निर्माण होते म्हणतात. मग त्या प्रजातीचा जो पहिला जीव जन्मला, त्याला जोडीदार कुठून मिळाला?

उत्तर : जीवशास्त्र शिकवायचो तेव्हा हा प्रश्न मागच्या बाकावरून हमखास यायचा. विचारणाऱ्याला वाटायचं, आता सर अडकले!

प्राण्यांमध्ये सहसा असा पहिला कुणी नसतोच. अख्खा गट हळूहळू दुरावत जातो. उत्तर अमेरिकेतली ऱ्हॅगोलेटिस पोमोनेला ही फळमाशी मूळची हॉथॉर्न या काटेरी झाडाच्या बारक्या लाल फळांवरची. युरोपीय लोकांनी तिकडे सफरचंद नेलं आणि १८६०च्या दशकात तिच्या अळ्या सफरचंदातही सापडू लागल्या. या माश्यांचं मीलन होतं ते फळावरच. सफरचंदवालीला सफरचंदाचा वास ओढतो, हॉथॉर्नवालीला हॉथॉर्नचा. त्यात सफरचंद तीन-चार आठवडे आधी पिकतं आणि प्रौढ माशी जगते जेमतेम महिनाभर. मध्ये ना डोंगर ना नदी, तरी दोघींच्या गाठीभेटी कमीच. जनुकांत फरक साठत गेले, पण एकाही माशीवर जोडीदाराविना राहायची पाळी आली नाही. थोडाफार संकर अजून होतो, म्हणून त्यांना दोन प्रजाती म्हणत नाहीत. मला ही अर्धवट अवस्थाच जास्त मोलाची वाटते. घडणं चालू असताना पाहायला मिळतं.

वनस्पतींत मात्र तुमचा प्रश्न खरोखर लागू पडतो. अमेरिकेत वॉशिंग्टन आणि आयडाहोच्या सीमाभागात युरोपातून आलेल्या ट्रॅगोपोगॉन या फुलझाडाच्या तीन प्रजाती रानोमाळ पसरल्या होत्या. प्रत्येकीत १२ गुणसूत्रं. त्यांचा संकर झाला की रोप उगवायचं, पण बहुधा वांझ, कारण दोन आईबापांची गुणसूत्रं एकमेकांशी नीट जुळत नाहीत. क्वचित एखाद्या संकरात गुणसूत्रं दुप्पट, म्हणजे २४ झाली, प्रत्येकाला जोडी मिळाली आणि झाड बी धरू लागलं. मूळ प्रजातींशी संकर केला तर संतती पुन्हा जवळपास वांझच. वनस्पतिशास्त्रज्ञ मॅरियन ओनबे यांनी १९५० मध्ये अशा दोन नव्या प्रजातींचं वर्णन प्रसिद्ध केलं.

आणि जोडीदार? लागलाच नाही. या फुलांत स्वपरागण चालतं, म्हणजे झाड स्वतःच्याच परागांनी बी धरू शकतं. पुढे जनुकं तपासली तेव्हा दिसलं, की या दोन्ही प्रजाती त्या भागात एकदाच नव्हे, वेगवेगळ्या ठिकाणी अनेकदा स्वतंत्रपणे उपजल्या होत्या.