‘स्त्री असूनही’ हे शब्द काढून टाक

प्रिय मुली,

तुझा लेख वाचला. पहिल्यांदा नुसता वाचला, दुसऱ्यांदा हातात पेन्सिल घेऊन. उपांत्य सामन्याचं वर्णन आहे, सेबरचा, म्हणजे पात्याच्या धारेनेही वार करायच्या तलवारीचा, सामना आहे, ९-१२ अशी पिछाडी भरून काढून जिंकलेला आहे. लिहायला याहून चांगला विषय मिळणार नाही. पण पहिल्या परिच्छेदात ‘रणरागिणी’, दुसऱ्यात ‘खवळलेल्या वाघिणीसारखी झेपावली’, तिसऱ्यात ‘भल्याभल्या पुरुषांना लाजवेल असा आवेश’, आणि शेवटी ‘स्त्री असूनही तिने दाखवलेलं शौर्य’. जिंकणाऱ्या मुलीबद्दल तुला किती अभिमान वाटला ते ओळीओळीतून कळतं. तिने पंधरा गुण कसे घेतले, हे मात्र कुठेच कळत नाही. अख्ख्या लेखात एकाही वाराचं वर्णन नाही.

तू स्वतः मुखवटा चढवून पिस्टवर, म्हणजे सामन्याच्या पट्टीवर, उभी राहतेस, म्हणून तुझ्याशी जरा सविस्तर बोलते.

‘असूनही’पासून सुरुवात करू. हा शब्द कौतुकाच्या वाक्यात बसतो आणि कौतुकातली हवाच काढून घेतो. स्त्रीला तलवार जमणार नाही, असं आधी धरून चाललं तरच ‘असूनही’ला अर्थ उरतो. आता नियम बघ. सेबरचं वजन ५०० ग्रॅमच्या आत, एपेचं, म्हणजे फक्त टोकाने वार करायच्या तलवारीचं, ७७० ग्रॅमच्या आत, पुरुष आणि महिला दोन्ही गटांना तेच. पिस्ट १४ मीटरची, तीही तीच. बाद फेरीत १५ गुण, तेही तेच. एपेत गुणाचा दिवा लागायचा तर टोकावर ७५० ग्रॅमचा दाब लागतो, आणि त्या टोकामागची स्प्रिंग मूठ कुणाच्या हातात आहे हे विचारत नाही. मग ‘असूनही’ येतं कुठून? ते आपल्या सवयीतून येतं. बातम्यांत, भाषणांत, बक्षीस समारंभात इतक्या वेळा ऐकलंय की बोट आपोआप तिकडे वळतं.

काही जण म्हणतील, पण या खेळात बायका मागाहूनच आल्या ना? आल्या नाहीत, येऊ दिलं नाही. ऑलिंपिकमध्ये पुरुषांची फॉइल, म्हणजे टोकाने वार करायची हलकी तलवार, आणि सेबर १८९६ पासून आहे. महिलांना फॉइल १९२४ मध्ये मिळाली, एपे १९९६ मध्ये आणि सेबर थेट २००४ मध्ये. सेबरपुरतं बोलायचं तर मधे १०८ वर्षं गेली. दार उघडायला लागलेला वेळ कौशल्याच्या खात्यात टाकू नकोस.

तुझ्या लेखातलं ‘जड तलवार लीलया पेलत’ हेही खोड. सेबर अर्ध्या किलोच्या आत असते, आणि तू ती रोज हातात धरतेस. जुन्या काळातल्या लढाईच्या तलवारींबद्दलही लोकांच्या कल्पना अफाट असतात. एका हातानं चालवायच्या बहुतेक तलवारी किलो-सव्वा किलोच्या आसपास असत. त्याहून जड पातं दिवसभर फिरवता आलं नसतं, आणि वार हुकला तर हात परत जागेवर आणता आला नसता. वजनाचं कौतुक सुरू झालं की तलवार म्हणजे दंडातल्या ताकदीचा मामला ठरतो, आणि तिथून ‘नाजूक हात’ फार लांब नाहीत. खरं काम बोटं, मनगट, पाय आणि नजर करतात.

आता ‘रणरागिणी’ आणि ‘दुर्गेचा अवतार’. इथे मी सावकाश लिहिते, कारण देवीवर माझी श्रद्धा आहे आणि तुझीही असेल. पण देवीला सराव करावा लागत नाही. तिच्या हातात शस्त्र येतं ते सिद्ध होऊनच. तू जिच्याबद्दल लिहिलंस त्या मुलीने पहाटे रिकाम्या सभागृहात नुसतं पुढे-मागे सरकण्याचा सराव केला आहे, तलवार हातात न घेता. एकच वार भिंतीवरच्या गादीवर पुन्हा पुन्हा मारला आहे. तिला अवतार म्हटलंस की ती सगळी मेहनत पुसली जाते. जणू अंगात आलं, जिंकली, उतरलं.

रागाचे शब्दही तसेच. ‘खवळलेली’, ‘त्वेषाने’, ‘चवताळून’. सेबरमध्ये चवताळलेली मुलगी दोन मिनिटांत हरते. तिचा हात पायांच्या आधी धावतो, समोरची एक पाऊल मागे घेऊन तिचा वार रिकामा जाऊ देते आणि मग सावकाश गुण घेते. शिवाय सेबरमध्ये पुढे जाताना मागचा पाय पुढच्या पायाच्या पुढे टाकायला बंदी आहे. वाघीण झेपावते तशी झेप घेतली तर पंच गुण देणार नाहीत, ताकीद देतील.

मग काय लिहायचं? मी त्या दिवशी शेजारच्या पिस्टवर पंच होते, त्यामुळे मला त्या सामन्यातला एकच गुण नीट दिसला. दहावा. तो सांगते.

‘सुरू’ म्हटल्याबरोबर दोघी निघाल्या. आपल्या मुलीची पहिली दोन पावलं छोटी होती, तिसरं मोठं निघालं आणि अर्ध्यावर थांबलं. पुढचा पाय जमिनीच्या जरा वरच रोखलेला, खांदे मात्र पुढे झुकलेले. ही हूल होती. समोरचीला वाटलं वार डोक्यावर येतोय, म्हणून तिने मूठ वर नेली. त्या क्षणी तिच्या उजव्या दंडाखालची बाजू, काखेपासून कमरेपर्यंत, उघडी पडली. आपल्या मुलीने रोखलेला पाय तेव्हा खाली टेकवला, मनगट आत वळवलं आणि पात्याची धार तिथे लावली. जोरात नाही. आवाजही झाला नाही, दिवा लागला तेवढाच. वार करून ती लगेच दोन पावलं मागे आली, पातं पुढे धरूनच, म्हणजे समोरचीने उलट वार केलाच तर तो अडवता यावा.

यात शौर्याचा एकही शब्द नाही. पण हे वाचणाऱ्याला कळेल की ती मुलगी काय करू शकते. तिने समोरचीला खोटं सांगितलं, ते खरं वाटावं म्हणून खांदे झुकवले, आणि पाय रोखून धरण्याइतका संयम ठेवला. याला कसब म्हणतात.

आणि बघ, हे सगळं लिहायला आपल्या भाषेला काहीही उसनं आणावं लागलं नाही. पवित्रा, हूल, टप्पा, वार चुकवणं, वार थोपवणं, उलट वार, परजणं, मूठ, पातं, धार. पिढ्यानपिढ्या लढलेल्या लोकांचे शब्द आहेत हे, आणि ते सगळे क्रियेचे नाहीतर शस्त्राचे आहेत, कुणाचंही लिंग न विचारणारे. ‘पट्टेकरी’ म्हण, ‘धारकरी’ म्हण, ‘तलवारबाज’ म्हण. ‘ती पट्टेकरी’ हे शब्द कुठेही अडखळत नाहीत. तुझ्याकडे एवढी भरलेली पेटी असताना तू दरवेळी ‘रणरागिणी’लाच का हात घालतेस?

असं लिहिता येतं याचा एक जुना पुरावा तुला सांगायलाच हवा. तलवारबाजीवरचं युरोपातलं सर्वांत जुनं उपलब्ध हस्तलिखित चौदाव्या शतकाच्या सुरुवातीचं मानतात. ते इंग्लंडमध्ये लीड्सच्या शस्त्रसंग्रहालयाचं आहे. लहान ढाल आणि तलवार यांचे डाव त्यात चित्रांसह आहेत. जवळपास सगळ्या पानांवर एक धर्मगुरू आणि त्याचा शिष्य. शेवटच्या पानांवर शिष्याच्या जागी एक स्त्री येते, वालपुर्गिस नावाची. लांब झगा घातलेली, हातात तीच तलवार, तीच ढाल. मजकूर तिच्याबद्दलही तेच सांगतो जे आधी शिष्याबद्दल सांगितलं: कुठला पवित्रा आणि त्यावर काय. तिचं कौतुक नाही, आश्चर्य नाही. ती पानं मी पाहते तेव्हा मला फार बरं वाटतं. सातशे वर्षांपूर्वी कुणीतरी एका बाईला फक्त तलवार चालवणारी म्हणून पानावर जागा दिली होती.

याच्या उलट जपानची तोमोए गोझेन. बाराव्या शतकातल्या युद्धांच्या कथेत ती येते. कथाकार आधी तिचा गोरा रंग आणि लांब केस सांगतो, मग तिचं धनुष्य आणि तलवार. एकटी हजारांच्या तोडीची, असं तो म्हणतो. पण तिचं शेवटचं कृत्य त्याने नेमकं टिपलं आहे: ती घोडा थेट शत्रूच्या घोड्याला भिडवते, त्याला ओढून आपल्या खोगिराशी दाबून धरते आणि त्याचं शीर उतरवते. हजारांची तोड मी विसरले असते, ते खोगीर विसरता येत नाही. आणि तिचा धनी तिला रणातून निघून जायला का सांगतो? शेवटच्या लढाईत सोबत बाई होती असं लोक म्हणतील, म्हणून. एवढं कसब डोळ्यांसमोर असूनही बोलणं शेवटी तिथेच आलं.

बोलण्याची ही सवय शास्त्रज्ञांनाही सुटत नाही. स्वीडनमध्ये बिर्का इथे १८७८ मध्ये एक थडगं उकरलं गेलं. तलवार, कुऱ्हाड, भाले, बाण, दोन घोडे. योद्धाच, म्हणजे पुरुषच, असं शंभराहून अधिक वर्षं धरून चालले. २०१७ मध्ये जनुकीय तपासणीत ती स्त्री निघाली, आणि मग प्रश्न सुरू झाले: शस्त्रं तिचीच कशावरून? ती लढली होती कशावरून? प्रश्न चांगले आहेत. थडग्यातली तलवार कुणी कशी चालवली हे सांगत नाहीच. फक्त तो सांगाडा पुरुषाचा समजला जात होता तेव्हा ते कुणाला पडले नव्हते.

केरळात वडकरा इथे कळरीपयट्टू ही युद्धकला शिकवणाऱ्या मीनाक्षी अम्मांना २०१७ मध्ये पद्मश्री मिळाली. बातम्यांत त्या ‘तलवारवाल्या आजी’ झाल्या, साडी आणि वय यांवर ओळीच्या ओळी खर्ची पडल्या. त्यांच्या परंपरेत त्यांना म्हणतात मीनाक्षी गुरुक्कल. गुरुक्कल म्हणजे ती विद्या शिकवण्याचा अधिकार असलेली व्यक्ती. त्या कळरीत, म्हणजे तालमीत, आधी शरीर घडवतात, मग लाकडी शस्त्रं देतात, आणि धातूचं पातं त्यानंतर हातात येतं. त्या बाईंच्या हातातल्या तलवारीमागे काय आहे हे सांगायला साडीचा काठ उपयोगी नाही, हा क्रम उपयोगी आहे.

आणि भवानी देवी. ऑलिंपिकमध्ये उतरलेली पहिली भारतीय तलवारबाज. टोकियोत पहिला सामना १५-३ जिंकली, दुसरा मानों ब्रुने हिच्याकडून ७-१५ हरली. ब्रुनेने पुढे कांस्यपदक घेतलं. २०२३ च्या आशियाई अजिंक्यपद स्पर्धेत भवानीने त्या वेळची जगज्जेती मिसाकी एमुरा हिला १५-१० हरवलं आणि कांस्य मिळवलं. हे आकडे विशेषणांपेक्षा मोठे आहेत. विशेषण लावायचंच असेल तर आकड्यानंतर लाव.

‘मर्दानी’बद्दल तू विचारशील, म्हणून आधीच लिहिते. एखाद्या आजोबांनी मुलीच्या पाठीवर हात ठेवून ‘मर्दानी आहेस’ म्हटलं, तर त्यांना शिकवायला जाऊ नकोस. त्यांच्याकडचा सर्वांत मोठा शब्द ते तिला देत असतात. वाकून नमस्कार करायचा. मर्दानी खेळ हे तर एका कलेचं नावच आहे, त्यात मुली लाठी आणि पट्टा शिकतात, ते नाव राहू दे. पण तू लिहितेस तेव्हा तुझ्यावर वेगळी जबाबदारी आहे. ‘हातात बांगड्या भरल्यात का’ हे वाक्य आणि ‘पुरुषासारखी लढली’ हे वाक्य एकाच घरातली आहेत. एक शिवी म्हणून येतं, एक शाबासकी म्हणून, आणि दोन्हींचा अर्थ एकच निघतो: लढणं हे पुरुषाचं काम. तुझा लेख वाचणाऱ्या बारा वर्षांच्या मुलीला शाबासकी हवी असते. ती तिला तिच्या पायांसाठी, अंतराच्या अंदाजासाठी मिळू दे.

दुसऱ्या टोकालाही जाऊ नकोस. ‘नृत्यासारखी लय’, ‘मोहक हालचाली’ हे मला ‘वाघिणी’पेक्षा जास्त खुपतं. वार सुंदर दिसला असेल तर का, ते सांग. बहुतेक वेळा तो सुंदर दिसतो कारण त्यात काहीच फालतू नसतं.

चुकाही लिही. हे मला सगळ्यांत महत्त्वाचं वाटतं. तुझ्या लेखात ती मुलगी एकदाही चुकत नाही, मग ९-१२ ने मागे कशी पडली? डोक्यावरचा वार थोपवताना तिची मूठ खाली राहत होती का? समोरची पुढे सरकली की ती सरळ रेषेत मागे जात राहायची आणि शेवटच्या रेषेवर अडकायची का? पुरुषांच्या सामन्यावर लिहिताना हे आपण बिनदिक्कत लिहितो. बाईबद्दल लिहिताना हात आखडतो, जणू दोष दाखवला तर तिचं इथवर येणंच खोटं ठरेल. ज्याच्या कामाला आपण काम समजतो, त्याच्याच कामातल्या चुका आपण दाखवतो. त्या मुलीलाही तो मान दे.

आता कामाचं. लेख पुन्हा लिही, निम्म्या लांबीचा. पंधरा गुण सगळे नकोत, चार पुरेत, पण त्या चारांत पाय कुठे होते, मूठ कुठे होती आणि आधी कोण हललं हे दिसलं पाहिजे. कुणीतरी आठ गुणांवर पोचल्यावर जी एक मिनिटाची विश्रांती मिळाली, त्यात तिच्या प्रशिक्षकाने काय सांगितलं, ते विचारून घे.

आणि जी हरली तिलाही भेट. नऊ गुणांनंतर समोरचीने काय बदललं, हे तिच्याइतकं दुसऱ्या कुणाला माहीत नसेल, तिच्या अंगावर झालंय ते. सरावानंतर लगेच गाठू नकोस, दमलेली असेल. आधी पाणी पिऊ दे, मग विचार की हूल आहे हे तिच्या लक्षात कधी आलं, पाय थांबला तेव्हा की वार लागल्यावर.

तुझी,
ताई