कथेतल्या जगातलं स्पर्शध्यान पटेल असं कसं लिहावं?

कथेतले साधू दगडाला हात लावून ध्यान करतात, ते खरं कसं वाटेल, असं विचारलंय.

पहिलं म्हणजे हात दगडावर नुसता ठेवून बसवू नका. हललं नाही तर त्वचा तो स्पर्श लवकरच विसरते, अंगातला सदरा दिवसभर जाणवत नाही तसंच. बोट सरकत राहायला हवं, पण सावकाश. एका श्वासाला बोटभर अंतर पुरे.

दगड खानापूरकडचा जांभा घ्या. त्याच्या प्रत्येक खळग्याच्या कडेला बोटाचं टोक अडतं आणि तिथेच मन थांबतं. नदीतला गुळगुळीत गोटा नवशिक्याच्या हाती देऊ नका. अडायला काही नसलं की मन भटकतं.

मोजणीसाठी आपली जपमाळ आहेच: १०८ मणी, अंगठा आणि मधलं बोट, मेरुमणी, म्हणजे माळेच्या जोडावरचा मणी, आला की तो न ओलांडता माळ उलटी फिरवायची. तुमच्या जगात मेरूच्या जागी दगडावर कोरलेली एक खूण चालेल.

बिघडतं ते जोर लावल्यामुळे. दाबलेलं बोट पांढरं पडतं, मग बारीक खरबरीतपणा कळेनासा होतो. गारठ्यातही बोटं अशीच बधिर होतात, म्हणून बेळगावसारखी डिसेंबरातली पहाट दाखवणार असाल तर साधूंना आधी तळवे चोळायला लावा.